भट्टी विझू न देणारा देश: दक्षिण कोरियाचा शस्त्रउद्योग समजून घेताना

६ डिसेंबर २०२२. पोलंडच्या गडिनिया बंदरात दहा रणगाडे आणि चोवीस तोफा उतरल्या. स्वागताला राष्ट्राध्यक्ष आंद्रेज दुदा स्वतः हजर होते. रणगाडे के-२ आणि तोफा के-९, दोन्ही दक्षिण कोरियात बनलेल्या. बंदरावर लष्करी सामान उतरलं ही एरवी फार मोठी बातमी नाही. पण या खरेदीच्या करारावर सह्या झाल्या होत्या २६ ऑगस्टला. सही आणि माल यांच्यात साडेतीन महिनेही गेले नव्हते.

हे किती विलक्षण आहे ते कळायला रणगाडा कसा विकत घेतात ते माहीत हवं. रणगाडा तयार स्थितीत गोदामात पडून नसतो. ऑर्डर द्यायची, आगाऊ रक्कम भरायची, मग कारखाना पोलाद, इंजिन, दुर्बिणी, इलेक्ट्रॉनिक्स मागवणार, जोडणी करणार, चाचण्या घेणार. यात वर्षं जातात. पोलंडने आपले दोनशेच्या वर जुने रणगाडे युक्रेनला देऊन टाकले होते आणि शेजारी युद्ध पेटलेलं होतं. त्याला वर्षं थांबायला वेळ नव्हता. युरोपातल्या कारखान्यांकडे द्यायला लगेच काही नव्हतं. कोरियाकडे होतं.

का होतं? या एका प्रश्नाचा माग काढत गेलं, की सव्वापाच कोटी वस्तीच्या या देशाचा संरक्षण खर्च, त्याचा शस्त्रउद्योग आणि त्या उद्योगाच्या दुखऱ्या जागा, सगळं हळूहळू उलगडतं. कोरियाचं यश सांगताना बहुतेक जण तंत्रज्ञानाचं कौतुक करतात. मला त्याहून मोठी गोष्ट वेगळी वाटते. या देशाने पन्नास वर्षांत आपले शस्त्रांचे कारखाने थंड पडू दिले नाहीत.

आधी हिशोब बघू. समजा, एक नवा रणगाडा आखायला, त्याचे नमुने बनवायला आणि तपासायला १,००० कोटी रुपये लागले. असे शंभरच रणगाडे बनवले, तर प्रत्येकाच्या डोक्यावर आराखड्याचेच १० कोटी बसतात. हजार बनवले, तर १ कोटी. पोलाद आणि मजुरी यांचा खर्च वेगळाच. अमेरिकेसारख्या देशाचं सैन्य इतकं मोठं आहे की हा भार आपोआप विभागला जातो. मध्यम आकाराच्या देशाची अडचण इथेच होते. त्याच्या सैन्याला थोडाच माल लागतो, म्हणून तो महाग पडतो, महाग पडतो म्हणून बाहेर कोणी घेत नाही, आणि एकदा सैन्याची गरज भागली की कारखान्याला काम उरत नाही.

काम संपल्यावर काय होतं, हे बाहेरून दिसत नाही. यंत्रं विकली जातात, ते सोपं आहे. पण जाड चिलखती पोलादाला वेल्डिंग करणारा माणूस दुसऱ्या कामाला लागतो. एकच विशिष्ट बेअरिंग बनवणारा छोटा पुरवठादार धंदा बदलतो. दहा वर्षांनी पुन्हा ऑर्डर आली, की आराखडे कपाटात सापडतात, माणसं सापडत नाहीत. शीतयुद्ध संपलं तेव्हा जर्मनीकडे दोन हजारांच्या वर लेपर्ड-२ रणगाडे होते. २०२२ पर्यंत ते तीनशेच्या आसपास उरले. धोका टळला असं वाटल्यावर हा निर्णय चुकीचा होता असं म्हणता येणार नाही. तो पैसा दुसऱ्या चांगल्या कामाला लागला. पण कारखान्याचा वेग त्याबरोबर गेला.

कोरियात धोका टळला असं कधी वाटलंच नाही. १९५० ते ५३ च्या युद्धाचा शेवट २७ जुलै १९५३ च्या शस्त्रसंधीने झाला. शांतता करार आजपर्यंत झालेला नाही. राजधानी सोल सीमेपासून पन्नासेक किलोमीटरवर, उत्तर कोरियाच्या लांब पल्ल्याच्या तोफांच्या टप्प्यात. त्यामुळे सैन्य तोफा घेत राहिलं. एकट्या के-९ च अकराशेच्या वर घेतल्या. वर मांडलेल्या हिशोबात इतकी संख्या टाकून पाहिली, की ही तोफ बाहेरच्या बाजारात स्वस्त का पडते ते लगेच कळतं.

आणि गडिनियाचं कोडंही सुटतं. तिथे उतरलेला पहिला माल कोरियन सैन्यासाठीच चाललेल्या उत्पादनातून वळवलेला होता. घरचं सैन्य थोडं मागे थांबलं, ग्राहक पुढे गेला. हे करता येण्यासाठी घरच्या सैन्याची रांग मुळात चालू असावी लागते. फिनलंडने तर २०१७ मध्ये कोरियन सैन्याने वापरलेल्या के-९ घेतल्या, जवळजवळ आपण वापरलेली गाडी घेतो तशा.

सुटे केलेले बंदुकीचे भाग

या उद्योगाची सुरुवात मात्र भीतीतून झाली. २१ जानेवारी १९६८ ला उत्तर कोरियाचे ३१ कमांडो राष्ट्राध्यक्ष पार्क चुंग-ही यांना मारायला सोलमध्ये शिरले आणि राष्ट्राध्यक्ष निवासापासून काहीशे मीटरवर पोचले. दोनच दिवसांनी अमेरिकेचं प्युब्लो हे टेहळणी जहाज उत्तर कोरियाने पकडलं. पुढच्या वर्षी राष्ट्राध्यक्ष निक्सन यांनी ग्वाममध्ये जाहीर केलं, की आशियातल्या मित्रदेशांनी आपल्या बचावाचा मुख्य भार आता स्वतः उचलावा. १९७१ मध्ये अमेरिकेची एक अख्खी डिव्हिजन, सुमारे २०,००० सैनिक, कोरियातून निघून गेली.

त्या वेळी कोरियाला साधी रायफलही स्वतः बनवता येत नव्हती. जे काही होतं ते अमेरिकेने दिलेलं. ऑगस्ट १९७० मध्ये सरकारने संरक्षण विकास संस्था काढली, आणि १९७१ च्या नोव्हेंबरमध्ये पार्क यांनी तिला हुकूम दिला: उखळी तोफा, मशीनगन, हातबाँब, सुरुंग यांचे नमुने वर्ष संपायच्या आत बनवून दाखवा. मोहिमेचं नाव होतं ‘वीज’, आकाशात चमकते ती. आराखडे हातात नव्हते. मग अमेरिकन शस्त्रं टेबलावर घेऊन एकेक भाग सुटा करायचा, मोजायचा, कागदावर काढायचा आणि तसाच घडवून बघायचा, असं काम सुरू झालं. नमुने ठरल्या मुदतीत उभे राहिले. पण नमुना जमला म्हणजे उत्पादन जमलं असं नाही. चांगलं पोलाद आणि अचूक कातकाम हाताशी नसेल, तर नक्कल दिसायला हुबेहूब होते, पण भरवशाची होत नाही.

इथे कोरियाने घेतलेला निर्णय मला सगळ्यात शहाणपणाचा वाटतो. फक्त शस्त्रांचे कारखाने उभारण्याच्या मागे ते लागले नाहीत. १९७३ मध्ये पार्क यांनी अवजड आणि रसायन उद्योगांची मोहीम जाहीर केली. पोलाद, जहाजबांधणी, यंत्रसामग्री, इलेक्ट्रॉनिक्स. पोहांगच्या कारखान्यातून त्याच वर्षी पहिलं लोखंड बाहेर पडलं. दक्षिणेकडे चांगवॉनला यंत्र उद्योगांची वसाहत आखली गेली. जो कारखाना शांततेत ट्रॅक्टरचे किंवा मोटारींचे भाग करील, त्यालाच गरज पडली तर तोफेचे भागही करता यायला हवेत, हा त्यामागचा विचार. आज के-२ बनवणारी ह्युंदाई रोटेम आणि के-९ बनवणारी हानव्हा एरोस्पेस, दोघींचे कारखाने याच चांगवॉनमध्ये आहेत.

याची किंमत लोकांनी मोजली. १९७५ पासून १९९० पर्यंत ‘संरक्षण कर’ नावाचा जादा कर भरावा लागला. आणि पार्क यांची राजवट हुकूमशाही होती. कामगारांना संघटित होऊ दिलं जात नव्हतं, विरोधकांना तुरुंगात टाकलं जात होतं. कोरियाचं उदाहरण इतर देशांपुढे ठेवणारे ही बाजू अनेकदा गाळतात. ती गाळू नये.

पैसा नेमका जातो कुठे

२०२५ चा दक्षिण कोरियाचा संरक्षण अर्थसंकल्प सुमारे ६१.२५ लाख कोटी वॉनचा होता, म्हणजे ढोबळमानाने ४,४०० कोटी डॉलर. देशाच्या एकूण वार्षिक उत्पन्नाच्या, ज्याला आपण जीडीपी म्हणतो त्याच्या, अडीच टक्क्यांच्या आसपास. ही टक्केवारी बातम्यांमध्ये सारखी येते, म्हणून तिचा अर्थ नीट लक्षात घेऊ. देशात वर्षभरात शंभर रुपयांचं उत्पादन झालं, तर त्यातले अडीच रुपये संरक्षणावर गेले. सरकारी तिजोरीतल्या शंभरातले अडीच नव्हेत, तिजोरीतला वाटा याहून बराच मोठा असतो. पोलंड २०२५ मध्ये चार रुपयांच्या वर होता.

आता या ६१ मधले नवी शस्त्रं घेण्यावर आणि विकसित करण्यावर किती? सुमारे १८. उरलेले ४३ लाख कोटी वॉन पगार, जेवण, कपडे, इंधन, बराकी, दुरुस्ती आणि प्रशिक्षण यांवर जातात. सैन्याचा खर्च म्हटलं की डोळ्यांसमोर विमानं येतात, पण सगळ्यात मोठा खर्च माणसांचा.

कोरियात प्रत्येक धडधाकट तरुणाला सक्तीची लष्करी सेवा आहे. भूदलात ती अठरा महिन्यांची. पूर्वी या पोरांना हातखर्चाइतकेच पैसे मिळत. सक्तीच्या सेवेतल्या सार्जंटचा महिन्याचा पगार २०२२ मध्ये ६,७६,१०० वॉन होता. २०२५ मध्ये तो १५ लाख वॉन झाला. तीन वर्षांत दुपटीहून जास्त. कायद्याने दीड वर्ष घेतलेल्या मुलाला नीट पैसे मिळायलाच हवेत, यात मला शंका नाही. पण ती रक्कम त्याच अर्थसंकल्पातून येते, आणि तेवढी जागा नव्या शस्त्रांसाठी कमी होते.

देशात अमेरिकेचे सुमारे २८,५०० सैनिक आजही आहेत. त्यांच्या तिथल्या खर्चातला वाटा कोरिया उचलतो. २०२६ साठी तो १.५२ लाख कोटी वॉन ठरला.

येऑनप्योंगची दुपार

२३ नोव्हेंबर २०१०. येऑनप्योंग हे पिवळ्या समुद्रातलं छोटं बेट, उत्तर कोरियाचा किनारा तिथून जेमतेम बारा किलोमीटर. मरीन सैनिकांकडे बेटावर सहा के-९ होत्या. के-९ ही रणगाड्यासारखी साखळीपट्ट्यांवर स्वतः धावणारी तोफ, ४७ टनांची, साधारण ४० किलोमीटरपर्यंत गोळा टाकणारी. त्या दुपारी उत्तरेकडून अचानक मारा सुरू झाला. सुमारे १७० गोळे डागले गेले, त्यांतले ऐंशीच्या आसपास बेटावर, वस्तीवर आणि लष्करी तळावर पडले. दोन मरीन सैनिक आणि दोन नागरिक मेले.

उत्तर द्यायला सुमारे तेरा मिनिटं लागली. आणि सहापैकी तीनच तोफा सुरुवातीला गोळे टाकू शकल्या. एकीत त्या दिवशीच्या सरावातला गोळा अडकून बसला होता, दोघींना माऱ्याने इजा झाली होती. एका सैनिकाच्या हेल्मेटवरचं कापड पेटलं. तो तसाच तोफेपाशी काम करत राहिला. ते जळकं हेल्मेट नंतर देशभर दाखवलं गेलं.

देशात संताप उसळला. ज्या तोफेचा एवढा अभिमान, ती निम्मीच चालली? चौकशी झाली, सुटे भाग, देखभाल, सराव, सगळ्याची झडती घेतली गेली. आज ही तोफ विकताना कंपनी काय सांगते ते सोडा. विकत घेणाऱ्या लष्करी अधिकाऱ्याच्या दृष्टीने महत्त्वाचं हे, की ही तोफ रोज वापरणारं एक मोठं सैन्य आहे, ते तिच्या चुका शोधतं आणि कारखान्याला सुधारायला लावतं. तुर्कस्तान, भारत, फिनलंड, एस्टोनिया, नॉर्वे, ऑस्ट्रेलिया, इजिप्त, रोमानिया हे सगळे के-९ च्या ग्राहकांत आहेत. आपल्याकडे ती ‘वज्र’ नावाने हजिऱ्याला बनते. आधी शंभर घेतल्या, डिसेंबर २०२४ मध्ये आणखी शंभरांचा करार झाला.

दुसऱ्याच्या हातातली किल्ली

एवढं वाचून कोरिया आता स्वयंपूर्ण झाला असं वाटेल. तसं नाही. शस्त्रावर कुठल्या देशाचा शिक्का आहे याहून त्याच्या पोटात कुणाचे भाग आहेत हे पाहावं लागतं. ज्या देशाचा भाग, त्याची परवानगी घेतल्याशिवाय ते शस्त्र तिसऱ्या देशाला विकता येत नाही.

के-९ चं मूळ इंजिन जर्मन. त्यामुळे मध्यपूर्वेतल्या ग्राहकाशी बोलणी करताना बर्लिनची मर्जी सांभाळावी लागे. शेवटी कोरियाने स्वतःचं इंजिन विकसित केलं, तेव्हा इजिप्तच्या तोफांचा मार्ग मोकळा झाला. एफए-५० हे हलकं लढाऊ विमान अर्जेंटिनाला हवं होतं. त्यात सहा ब्रिटिश भाग निघाले. फॉकलंड बेटं कुणाची या जुन्या वादामुळे ब्रिटनने अर्जेंटिनाला शस्त्रबंदी केलेली आहे. २०२० मध्ये कोरियन कंपनीला विमान देता येत नाही असं कळवावं लागलं. सहा भागांपायी अख्खं विमान अडलं.

के-२ ची गोष्ट याहून शिकवणारी आहे. इंजिन आणि गिअरबॉक्स मिळून जो संच होतो तो देशातच बनवायचं ठरलं. इंजिन जमलं. गिअरबॉक्सची टिकाऊपणाची चाचणी मात्र पुनःपुन्हा फसली. अट होती ९,६०० किलोमीटरची, मध्ये मोठा बिघाड चालणार नाही. पंचावन्न टनांचा रणगाडा खडबडीत जमिनीवर झटक्यात वळवताना गिअरबॉक्सवर जो ताण येतो तो झेलणारी दातेरी चाकं बनवणं ही पिढ्यांच्या अनुभवाची गोष्ट आहे. शेवटी कोरियन इंजिन आणि जर्मन गिअरबॉक्स अशी जोडी लावून रणगाडे सैन्यात गेले. चाचणीची अट सैल करा असा दबाव होता, सैन्य अडून राहिलं. ते बरोबर होतं असं माझं ठाम मत आहे.

केएफ-२१ या लढाऊ विमानासाठी रडारसह चार महत्त्वाची तंत्रं अमेरिकेने २०१५ मध्ये नाकारली. मग रडार घरी विकसित केलं गेलं आणि १९ जुलै २०२२ ला विमानाचं पहिलं उड्डाण झालं. त्याचं इंजिन मात्र आजही अमेरिकन आराखड्याचंच. क्षेपणास्त्रांचंही असंच. १९७९ पासून अमेरिकेशी झालेल्या समजुतीने पल्ल्यावर १८० किलोमीटरची मर्यादा होती. ती २००१ मध्ये ३०० आणि २०१२ मध्ये ८०० झाली, आणि मे २०२१ मध्ये पूर्ण उठली. बेचाळीस वर्षं लागली.

निर्यातीच्या आकड्यांकडेही जरा जपून पाहावं. २०२० मध्ये सुमारे ३०० कोटी डॉलरचे करार झाले होते, २०२२ मध्ये ते १,७३० कोटींवर गेले, ते मुख्यतः पोलंडमुळे. २०२४ मध्ये पुन्हा ९५० कोटींच्या आसपास आले. हे करारांचे आकडे आहेत, हातात आलेल्या पैशांचे नाहीत. आणि ग्राहक रोख देत नाही. विकणाऱ्या देशानेच त्याला कर्ज मिळवून द्यायचं असतं. पोलंडची खरेदी इतकी मोठी होती की कोरियाच्या सरकारी निर्यात-आयात बँकेची एका ग्राहकाला कर्ज देण्याची मर्यादा भरत आली. फेब्रुवारी २०२४ मध्ये संसदेने कायदा बदलून बँकेच्या भांडवलाची मर्यादा १५ लाख कोटी वॉनवरून २५ लाख कोटी केली, तेव्हा पुढची वाट मोकळी झाली. पोलंड पैसे वेळेवर फेडील अशीच अपेक्षा आहे, पण जोखीम शेवटी कोरियन करदात्याची.

गुप्ततेच्या पडद्याआड पैसा खाल्लाही जातो. ‘टोंगयेओंग’ हे नौदलाचं बचाव जहाज २०१२ मध्ये पाण्यात उतरलं. एप्रिल २०१४ मध्ये सेवोल बोट बुडाली, तीनशेच्या वर जीव गेले, त्यांत बहुतांश शाळेची मुलं होती. बुडालेल्या जहाजांच्या मदतीसाठीच बांधलेलं टोंगयेओंग तिथे जाऊ शकलं नाही. नौदलाने ते ताब्यातच घेतलं नव्हतं. पाण्याखालचा वेध घेणारं त्याचं सोनार यंत्र लष्करी कामाच्या दर्जाचं नव्हतं, मासेमारी बोटींवर असतं तसं होतं. सुमारे २० कोटी वॉनच्या यंत्राला ४१० कोटी मोजले होते. चौकशा, अटका, खटले झाले. ‘राष्ट्रीय सुरक्षेचा विषय आहे, प्रश्न विचारू नका’ असं जेव्हा सांगितलं जातं तेव्हा मला हे सोनार आठवतं.

कारखाने धडधडत आहेत, पण तोफेपाशी उभं राहायला माणूस कमी पडू लागला आहे. २०२३ मध्ये कोरियात एका स्त्रीमागे सरासरी ०.७२ मुलं जन्मली. लोकसंख्या स्थिर राहायला २.१ लागतात. आज जन्मलेला मुलगा वीस वर्षांनी सैन्यात येणार, त्यामुळे दोन दशकांनंतरची भरती किती असेल हे जन्मनोंदणीत आजच लिहिलेलं आहे. म्हणून गोळे आपोआप भरणाऱ्या, कमी माणसांत चालणाऱ्या के-९ च्या पुढच्या आवृत्तीवर काम सुरू आहे.

पोलंडशी दुसरा मोठा करार १ ऑगस्ट २०२५ ला झाला, आणखी १८० के-२ रणगाड्यांचा, सुमारे ६५० कोटी डॉलरचा. सही सोलमध्ये झाली नाही, पोलंडच्या ग्लिविसमध्ये झाली. कारण या खेपेतले ६१ रणगाडे तिथल्याच जुन्या रणगाडा कारखान्यात बनणार आहेत. पोलिश कामगार आता कोरियन आराखडे समोर ठेवून एकेक भाग जोडायला शिकतील.